आधी आपल्या पोटात

चिकलठाण्याला जालना रोडवर ‘कडुबा किचन्स’ची पहिली शाखा आहे. आत शिरलं की समोरच्या भिंतीवर हातभर अक्षरांत पाच वाक्यं दिसतात. ‘आमची पंगत एकच.’ ‘माणूस आधी, धंदा नंतर.’ ‘चव हाच आमचा शब्द.’ पुढची दोन मालनबाईला कधी पाठ झाली नाहीत, आणि ज्यानं ती लिहिली त्याला तरी झाली असतील का, कोण जाणे.

वाक्यांच्या खाली मालनबाईचा फोटो. हात जोडलेले, अंगावर हिरवं लुगडं, तोंडभर हसू. ते हसू कसं आलं तेही ऐका. फोटो काढणारा म्हणाला होता, “आजी, समोर नातू उभाय असं समजा.” समोर दिव्याचा खांब होता. मालनबाई खांबाकडं बघून हसली, आणि तेच हसू आता तेवीस शाखांच्या भिंतींवर, येसरच्या पिठाच्या पाकिटांवर आणि कंपनीच्या प्रत्येक कागदाच्या माथ्यावर छापलं जातं. खाली लिहिलेलं असतं, ‘आमची संस्थापक आई’. आईला काम काय, तर नवी शाखा उघडली की गाडी येते, ती जाऊन पहिल्या गिऱ्हाइकाच्या वाटीत वगराळ्यानं आमटी ओतते, फोटो निघतो, गाडी तिला मुकुंदवाडीला घरी आणून सोडते. स्वयंपाकघरात तिला कुणी विचारत नाही.

तर त्या मंगळवारी दुपारी दीपमाला तिच्या दारात आली. अकरा वर्षं ही बाई पहिल्या शाखेत भाकरी थापते. मालनबाईनंच तिला हाताला धरून कामाला लावलं होतं. दीपमाला रडत नव्हती. रडली असती तर मालनबाईला बरं वाटलं असतं.

“माय, ह्यो कागद तुझ्या नावाचा हाय,” ती म्हणाली आणि हातातला कागद पुढं केला.

वर मालनबाईचा फोटो, हात जोडून हसणारा. खाली मजकूर: ‘आपण सकाळी दहा वाजून चार मिनिटांनी विक्रीसाठीचे अन्न खाल्ले व उरलेले संपूर्ण भांडे मोरीत ओतले, हे कॅमेऱ्यात दिसून आले आहे. ही चोरी व मालाची नासाडी आहे. सदर वर्तन मालनबाईंच्या मूल्यांचा भंग करणारे आहे. शनिवारपर्यंत खाली सही करून कबुली द्यावी.’

“कोणत्या मुडद्यानं लिहिलं ह्ये?” मालनबाई ओरडली. शेजारची बाई दारात येऊन उभी राहिली.

“आमटी विटली व्हती, माय. कंपनीच्या शेंद्र्याच्या भटारखान्यातनं पिशवीत आली, गरम केली, मी वाटीभर घेतली अन् अर्धी भाकरी मोडली. पहिल्याच घासाला कळलं. सोमनाथ आचाऱ्याला दाखवली, त्यो म्हणला व्हय, विटलीच. मग वतली. तूच शिकवलंस ना तसं?”

“मग सही करू नको.”

“नाय केली तर पोलिसात देऊ म्हणत्यात. केली तर काढत्यात. शेंद्र्याच्या दोन कँटिनीत इचारलं. ते म्हणले, आधीच्या जागेचा कागद आण. ह्यो कागद नेऊ व्हय त्यांच्यापुढं? पोरगी बारावीला हाय माझी. चोराची पोरगी म्हणतील तिला.”

मालनबाईनं कागदाची घडी घातली आणि कमरेला खोवली. तिच्या डोक्यात जाळ झाला होता. राग कंपनीचा तर होताच, पण कागदावरचं आपलंच हसरं तोंड बघून तिला स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावंसं वाटलं.

दीपमालाला तिनं काय शिकवलं होतं, ते सांगायचं तर मागं जावं लागतं. एकोणनव्वद साली कडुबा दांडग्यानं रोडकडेच्या आपल्या रानात पत्र्याचं शेड टाकून कामगारांसाठी खानावळ काढली. मालनबाईचा नवरा सांडू समोरच्या कारखान्यात हमाली करायचा. त्याच्या डब्यातली येसरची आमटी, म्हणजे भाजलेली ज्वारी, हरभऱ्याची डाळ आणि मसाला दळून केलेल्या पिठाची आमटी, कडुबानं एकदा चाखली आणि म्हणाला, “उद्यापासून बाईला पाठव.” पहिल्याच उन्हाळ्यात एक दिवस आमटी विटली. कुणी चाखली नव्हती. तीस-चाळीस कामगार हगवणीनं आडवे झाले. कडुबा प्रत्येकाच्या खाटेपाशी जाऊन हात जोडून आला आणि आल्यावर त्यानं नियम घातला. रोज सकाळी दहाला, गिऱ्हाइकाला दार उघडायच्या आत, मालकापासून भांडी घासणारीपर्यंत सगळ्यांनी एका ओळीत बसायचं आणि त्या दिवसाची आमटी-भाकरी खायची. “आधी आपल्या पोटात, मग लोकांच्या,” तो म्हणायचा. “जे वाढतो ते मालकच खात नसंल, तर त्यो मालक नाय, लबाड.”

आता पाटलाच्या घरचा माणूस बौद्ध बाईच्या हातचं, तिच्याच ओळीत मांडी घालून खातो म्हटल्यावर भावकीत काय झालं असेल ते सांगायला नको. कडुबाच्या चुलतभावानं वर्षभर खानावळीची पायरी चढली नाही. कडुबा म्हणाला, “नको चढू, तेवढीच जागा मोकळी.” आणि आता कंपनीच्या रंगीत पुस्तकात छापलंय, ‘दांडगे घराण्याची शंभर वर्षांची चव’. शंभर वर्षं म्हणे! दांडग्यांच्या घरात येसरचा पहिला डबा मालनबाईनं स्वतःच्या हातानं नेऊन दिला होता.

कडुबाला जाऊन सहा वर्षं झाली, आणि रोजची पंगत आता भिंतीवरच उरली. आता मालक त्याचा मुलगा अभय. हा पोरगा त्या ओळीत बापाच्या आणि मालनबाईच्या मधे बसायचा आणि “मालनमावशी, तू भरव” म्हणून हट्ट करायचा. पुण्याला शिकून आला आणि ‘तू’चं ‘तुम्ही’ झालं. लोक म्हणाले, बघा किती मान देतो. मालनबाईला तेव्हाच कुठंतरी टोचलं होतं.

बुधवारी सकाळी ती शाखेच्या वरच्या मजल्यावर काचेच्या केबिनीत जाऊन उभी राहिली. अभय जेवत होता. घरून आलेला चार खणांचा स्टीलचा डबा उघडा होता, त्यात घडीची पोळी आणि दोडक्याची भाजी. खाली बारा भट्ट्या पेटलेल्या आणि मालकाचा डबा घरून!

“मावशी, उन्हात कशाला आलात? गाडी पाठवली असती.”

“गाडी घाल मसणात. ह्ये काय हाय?”

अभयनं कागद वाचला आणि दाराकडं बघून हाक मारली. राजनंदिनी आली. माणसांचं खातं ती बघते, म्हणजे कुणाला घ्यायचं, कुणाला काढायचं आणि भिंतीवर काय लिहायचं. बोलणं मऊ, साडी कडक.

“मालनआई, यात वैयक्तिक काही नाही,” ती म्हणाली. “ही एक प्रक्रिया आहे.”

“मला आई म्हणू नका बाई. माझी लेक असा कागद काढती तर तिचं थोबाड रंगवलं असतं मी. आमटी विटली व्हती!”

“मग तिनं फॉर्म भरायचा. शेंद्र्याहून आमचा माणूस येऊन तपासतो.”

“किती येळात?”

“चार तासांत.”

“अन् चार तास लोकांला काय वाढायचं? इटलेली आमटी?”

राजनंदिनीनं अभयकडं बघितलं. अभयनं डब्याचं झाकण लावलं. तो वाईट माणूस नाही, हे मालनबाईला ठाऊक होतं, आणि त्याचाच तिला जास्त राग येत होता.

“मावशी, ऐका. या वर्षी आमची तीन उद्दिष्टं आहेत. तेवीसच्या चाळीस शाखा, सात मिनिटांत ताट, आणि नासाडी शून्य. शुक्रवारी मुंबईहून पैसे लावणारी माणसं येतायत, आपली सकाळची पंगत बघायला. एका बाईला सूट दिली, तर तेवीस ठिकाणी उठून जो तो खाईल आणि भांडी ओतेल. मग मी त्यांना काय सांगू?”

“तुझा बाप काय सांगायचा?”

“बाबांची एक खानावळ होती.” अभयचा आवाज चढला. मग त्यानं कपाटातून एक जाड पुस्तक काढलं, चौतिसावं पान उघडलं आणि तिच्यापुढं ठेवलं. “आणि मावशी, हा नियम तुमच्याच सहीचा आहे.”

मालनबाईनं चष्मा लावला. ‘विक्रीसाठीचे अन्न कर्मचाऱ्याने खाणे ही चोरी समजली जाईल.’ शेवटच्या पानावर तिची सही. वळणदार, सातवी पास बाईची. दोन वर्षांमागचा तो दिवस तिला आठवला. पहिल्या पानावर कडुबाचा फोटो होता, खाली ‘आमची पंगत एकच’. तिचे डोळे भरून आले होते. चष्मा पिशवीतच होता. अभय म्हणाला होता, “बाकीचं सगळं तेच आहे, मावशी,” आणि तिनं सही ठोकली होती.

अरे, काय म्हणावं या बाईला! शिका म्हणून सांगणाऱ्या बाबासाहेबांचा फोटो तिच्या घरात उंबऱ्यातनं आत आलं की समोर. तिच्या आईनं दुसऱ्यांच्या गोवऱ्या थापून तिला सातवीपर्यंत नेलं. आणि हिनं न वाचता सही केली. का? तर पोराला लहानपणी भरवलं होतं. तिनं पुस्तक मिटलं.

“शुक्रवारी मी येणार नाय,” ती म्हणाली.

“तुम्हाला बरं वाटत नसेल तर नका येऊ,” राजनंदिनी मऊपणे म्हणाली. “फोटो आहेच.”

अभयनं मान खाली घातली आणि डबा पिशवीत ठेवला. मालनबाई जिना उतरली. खाली भिंतीवर तिचं तोंड हसत होतं. तिच्या तोंडात शिवी आली, पण कुणाला द्यावी कळेना, म्हणून ती तशीच बाहेर पडली.

रिक्षात बसल्यावर तिनं ठरवलं, जायचं, आणि येते म्हणून कंपनीत फोनही केला. फोटोला तोंड असतं, पण ते बोलत नाही. आपल्याला येतं.

शुक्रवारी साडेनऊला कंपनीची गाडी आली तेव्हा दारात मालनबाईबरोबर दीपमाला उभी होती. ड्रायव्हर कानकोंडा झाला. “यांचं नाव नाही माझ्याकडं.”

“संस्थापक कोण हाय? तू का मी? चालव गाडी.”

शाखेत रांगोळ्या घातल्या होत्या. जमिनीवर बारा पाट, पुढं बारा ताटं. पाहुणे अकरा, बारावा पाट अभयचा, स्वयंपाकघराच्या दाराशी ओळीच्या टोकाला. तिथंच कडुबा बसायचा. आणि पंगत ज्यांची, ते सोळा कामगार भिंतीला पाठ लावून नव्या टोप्या घालून, हात जोडून उभे. पंगत एकच, आणि ते उभे! दीपमाला आत आली तेव्हा सोमनाथ आचाऱ्यानं तिच्याकडं बघितलं आणि नजर वळवली. सोमवारी आमटी त्यानंही चाखली होती, पण कॅमेऱ्याकडं त्याची पाठ होती.

अभय माईक घेऊन सांगत होता, “ही आमची पस्तीस वर्षांची परंपरा. आधी आम्ही खातो, मग पाहुण्यांना वाढतो. आमच्या वाढीचा पायाच हा आहे.” पाहुणे पाटांपाशी उभे राहून माना डोलवत होते. एकजण मोबाइलवर सगळं टिपत होता.

मालनबाईनं पातेल्याचं झाकण काढलं, वास घेतला, वगराळ्यानं थेंबभर तळहातावर घेऊन चाखली. आज ठीक होती. तिनं वाटी भरली, भाकरी मोडून ताटात ठेवली आणि ते ताट अभयच्या पाटापुढं मांडलं.

“बस. आधी मालक.”

पाहुण्यांना मजा वाटली. दोघांनी टाळ्या वाजवल्या. अभय हसत बसला, पण त्यानं हात ताटाला लावला नाही. “पाहुणे आधी, मावशी. मी नंतर घेतो.”

“आत्ताच काय सांगत व्हतास? आधी आम्ही खातो ना? मग खा की.”

“मी नाश्ता करून आलोय.”

“रोजच करून येतोस. शेंद्र्याची पिशवी सुरू झाल्यापासून ही आमटी तू तोंडाला लावली नाय. तुझा डबा घरून येतो. ह्ये सोळा जण खोटं सांगणार नायत, इचार त्यांला.”

हसणं थांबलं. मालनबाईनं कमरेचा कागद काढला, उलगडला, चष्मा लावला आणि मोठ्यानं वाचायला लागली. दहा वाजून चार मिनिटं, विक्रीसाठीचं अन्न, चोरी, नासाडी, मालनबाईंची मूल्यं. एक शब्द गाळला नाही. वाचून झाल्यावर तिनं कागद पाहुण्यांपुढं धरला. वरचा फोटो आणि धरणारी, दोन्ही तोंडं एकच होती, एवढंच की एक हसत होतं.

“ही ती बाई,” तिनं दीपमालाला पुढं ओढलं. “इटलेली आमटी तुमच्या पोटात जाऊ नये म्हणून आधी आपल्या पोटात घातली. म्हणून चोर. आता अभय, तू सांग. ह्यो घास खाल्लास, तर ह्या कागदानं तू चोर. नाय खाल्लास, तर तुझ्या बापाच्या शब्दानं तू लबाड. काय व्हतोस, बोल!”

पाहुण्यांतल्या एका पांढऱ्या केसांच्या बाईनं राजनंदिनीला हळूच विचारलं, “हे खरं आहे का?” राजनंदिनीनं हातातली फाइल छातीशी धरली.

अभयचा चेहरा लाल झाला होता. “मावशी, दीपमालाचा कागद मागं घेतो. आत्ता, सगळ्यांसमोर सांगतो. झालं समाधान? आता वाढा पाहुण्यांना.”

दीपमालानं सुटल्यासारखा श्वास सोडला. मालनबाईनं तो ऐकला. तिथंच थांबता आलं असतं.

“कागद मागं घेतलास. नियम?”

“नियम बोर्डाचा आहे. तो असा एका माणसाच्या रागावर बदलत नाही.”

“म्हणजे उद्या दुसरी दीपमाला.”

अभयनं हातातला माईक फरशीवर ठेवला.

“बरं,” मालनबाई म्हणाली. “दीपमाला, बस.”

दीपमाला बसली, पाहुण्यांसाठी घातलेल्या पाटावर. मालनबाईनं तिची वाटी भरली. मग स्वतः शेजारी मांडी घालून बसली, गुडघे कुरकुरले तरी बसली, आणि भाकरी आमटीत बुडवून खाल्ली. भिंतीपाशी खुसफुस झाली. पहिल्यांदा सोमनाथनं डोक्यावरची टोपी काढली.

“माझी पाठ व्हती म्हणून मी वाचलो,” तो म्हणाला. “मी बी चाखली व्हती.” आणि तो येऊन बसला. मग भांडी घासणाऱ्या दोघी आल्या. मग भाजी चिरणारे, वाढपी, दारावरचा वॉचमन. पाट संपले तसे फरशीवर बसले. पाहुणे मागं सरकून उभे राहिले आणि त्यांच्या जागा भरून गेल्या. पातेलं हातोहात फिरलं. अभय ओळीच्या टोकाला आपल्या पाटावर तसाच बसून राहिला. उठावं तर पंगतीतून उठला असं होणार, आणि तेवढं त्याला अजून कळत होतं.

“राजनंदिनीबाई,” मालनबाईनं हाक मारली. “फायलीत कोरे कागद आसतील ना तुमच्या? चोरीचे. काढा एक. सगळ्यांचा मिळून एकच पुरे.”

“मालनआ…” राजनंदिनी थांबली. “मालनबाई, तुमच्यावर मी कसा काढू? तुमचं नाव तर…”

“माझं नाव हाय म्हणूनच काढा.”

राजनंदिनीनं अभयकडं बघितलं. तो ताटाकडं बघत होता. तिनं फाइल उघडली आणि कागद दिला.

मालनबाईनं हात पुसले, चष्मा नाकावर नीट बसवला आणि वाचलं. पहिल्या ओळीपासून, बोट फिरवत, सगळ्यांना ऐकू जाईल असं. खाली बारीक अक्षरांत छापलेलंही वाचलं. पान उलटून मागं काही आहे का तेही बघितलं. मग तिनं लिहिलं, ‘वाचून सही केली. मालन सांडू खरात.’

कागद दीपमालाकडं गेला. तिनंही वाचला, सही केली आणि सोमनाथकडं दिला. पेन एकेका हातातून ओळीत पुढं सरकत राहिलं. दोघींना लिहिता येत नव्हतं, त्यांना सोमनाथनं वाचून दाखवलं, मग त्यांनी अंगठा उठवला. पाहुण्यांपैकी कुणी गेलं नव्हतं. पांढऱ्या केसांची बाई भिंतीवरची पाच वाक्यं वाचत होती.

शेवटी कागद ओळीच्या टोकाला, कडुबाच्या जागेवर आला. वॉचमननं पेन अभयपुढं धरलं. त्याच्या वाटीतली आमटी थंडगार झाली होती आणि वर तेलाचा तवंग आला होता. अभयनं पेनाला हात लावला.

“आधी खा,” मालनबाई म्हणाली. “मग वाच. मग सही कर.”